आजींचं वजन कुणी केलं?

(कुडाळ येथे डॉक्टर, परिचारिका आणि फार्मासिस्ट यांच्यासमोर दिलेल्या व्याख्यानाचं संपादित शब्दांकन)

पत्रिकेवर माझ्या व्याख्यानाचं नाव 'शिरेतून दिलं जाणारं हेपरिन : डोस आणि देखरेख' असं छापलंय. हेपरिन म्हणजे रक्त गोठू न देणारं औषध. देखरेखीपर्यंत आपण पोचू की नाही याची मला शंका आहे, कारण डोसवरच माझं बरंच म्हणणं साठलंय. त्यात अध्यक्षांनी कानात सांगून ठेवलंय की देवळात आज दशावतार आहे, लोक उठायच्या आत संपवा. संकासुराशी माझी स्पर्धा नाही. ज्यांना जायचंय त्यांनी खुशाल जावं, फक्त सिस्टर मंडळींनी थांबावं, कारण हे सगळं मुख्यतः त्यांच्या हातून होतं.

रक्त गोठतंय की नाही हे बघायला सिंधुदुर्गात कुणाला शिकवावं लागत नाही. फुरसं चावलेला माणूस आला की स्वच्छ, कोरड्या काचेच्या नळीत २ मिली रक्त घ्यायचं, २० मिनिटं नळीला हात लावायचा नाही, मग कलती करून बघायची. मागे एका तरुण डॉक्टरांनी मला विचारलं, "सर, लॅब बंद असली तर हेपरिनलाही हीच नळी चालेल का?" नाही चालणार. नळी 'गोठलं' किंवा 'नाही गोठलं' एवढंच सांगते. हेपरिनच्या पेशंटमध्ये आपल्याला 'किती' हे कळायला हवं. आणि उलटा प्रश्न कुणी विचारायच्या आत सांगतो, फुरशाच्या विषाने रक्त गोठण्याची घडी बिघडली तर तिथे हेपरिनचं काही काम नाही, तिथे प्रतिविषच. हे इथे सगळ्यांना माहीत आहे, पण रात्री दोन वाजता माणसाला काहीही सुचतं.

आता माझा लाडका विषय. आपल्याकडे बाजारात मासे वाट्यावर मिळतात. बांगड्यांचा वाटा नजरेने लागतो, घासाघीस होते, वर एखादा बांगडा पडतो, दोघंही खूश. हेपरिन मात्र किलोवर आहे आणि आपण ते वाट्यावर देतो. माझी तक्रार एवढीच आहे.

एक आजी होत्या. गाव सांगत नाही, रुग्णालयही सांगत नाही. डावा पाय मांडीपर्यंत सुजलेला, डॉपलर सोनोग्राफीत मोठ्या शिरेत गुठळी. मूत्रपिंडं आधीच दमलेली, त्यामुळे पोटावर टोचायचं एनॉक्झापॅरिन नको, शिरेतून साधं हेपरिन द्यायचं ठरलं. निर्णय अगदी बरोबर. साधं हेपरिन मूत्रपिंडावर फारसं अवलंबून नसतं, आणि पंप बंद केला की साधारण ६० ते ९० मिनिटांत त्याचा जोर निम्म्यावर येतो. केसपेपरवर लिहिलेलं होतं, वजन ६० किलो. म्हणजे गुठळीच्या हिशोबाने किलोला ८० युनिट सुरुवातीला, ४,८०० युनिट. मग किलोला ताशी १८, म्हणजे ताशी १,०८०. गणित चोख. पंप लावायची तयारी झाली.

तिथल्या सिस्टरनी थोड्या वेळापूर्वी आजींना बेडपॅनसाठी एकटीने उचललं होतं. त्या म्हणाल्या, "सर, ह्या आजी काय साठ नाहीत. माझ्या हाताला कळतं ना." डॉक्टर म्हणाले, पेपरवर आहे की. सिस्टर म्हणाल्या, "पेपरवर आहे, पण केलं कुणी?"

मग शोध सुरू झाला. वॉर्डच्या कागदावर ६०, तो कॅज्युअल्टीच्या कागदावरून. कॅज्युअल्टीत ६०, तो ॲम्ब्युलन्सच्या कागदावरून. ॲम्ब्युलन्सवाल्याने गावच्या दवाखान्याच्या चिठ्ठीवरून उतरवला. आणि चिठ्ठीवर ६० च्या आधी 'अंदाजे' असं बारीक अक्षरात होतं, ते वाटेत कुठेतरी गळून पडलं. चार कागद, चार हस्ताक्षरं, आणि काट्यावर आजी एकदाही उभ्या राहिलेल्या नाहीत. तसं बघायला गेलं तर हा ६० कुठून येतो हे मला ठाऊक आहे. पुस्तकातला माणूस ७० किलोचा असतो. बाईमाणूस आली की आपण १० किलोची सूट देतो.

आजींना उभं राहता येत नव्हतं. खाटेचा काटा आपल्याकडे कुठे असतो! मग त्यांच्या झिलाला बोलावलं. आधी तो एकटा काट्यावर चढला, ६९. मग आईला दोन्ही हातांवर घेऊन चढला. आजी ओरडल्या, "मेल्या, माका खाली ठेव! मी काय काजीची गोण आसंय?" तो म्हणाला, "आये, जरा गप रव, आकडो हलता." आकडा थांबला तेव्हा ११०. आजी ४१ किलोच्या.

आता ४१ चं गणित करा. सुरुवातीला ३,२८०, ताशी ७३८. आपण जवळजवळ दीडपट देणार होतो, तेही वयस्कर बाईला. ह्या किश्श्यात कुणाला रक्तस्राव झाला नाही, म्हणून तो कुठल्याही ऑडिटमध्ये नाही, कुठल्या बैठकीतही आला नाही. मला विचाराल तर त्या सिस्टरचा सत्कार व्हायला हवा होता. झाला नाही. सत्कार पाहुण्यांचे होतात, आज माझा झाला तसा. शाल बरी आहे.

कुणी म्हणेल, जुन्या काळी आम्ही सगळ्यांना सरसकट ५,००० द्यायचो, मग ताशी १,०००, काय बिघडलं? बिघडत होतं, दिसत नव्हतं. १९९३ साली रॅश्की आणि सहकाऱ्यांनी नेमकी हीच तुलना केली. एका गटाला सरसकट डोस, दुसऱ्याला वजनावर. चोवीस तासांत हेपरिनची पुरेशी पातळी वजनवाल्या गटात ९७ टक्के लोकांनी गाठली, सरसकटवाल्यांत ७७ टक्क्यांनी. आणि पुन्हा गुठळी होण्याचं प्रमाण सरसकट गटात जास्त निघालं. कारण उघड आहे. ताशी १,००० म्हणजे आपल्या ४१ किलोच्या आजींना किलोमागे २४ हून जास्त, आणि ८५ किलोच्या ट्रॉलरमालकाला १२ च्या आत. आजीला रक्तस्रावाची भीती, मालकाची गुठळी वाढतेय, आणि दोघांच्या कागदावर डोस एकच.

हार्ट ॲटॅकचं गणित वेगळं आहे, तेवढं लक्षात असू द्या. तिथे किलोला ६०, पण ४,००० च्या वर नाही. मग ताशी किलोला १२, आणि १,००० च्या वर नाही. गुठळीचा डोस हार्टला आणि हार्टचा गुठळीला, ही अदलाबदल मी पाहिलेली आहे.

आता बाटली. इथे फार्मासिस्ट कोण कोण आहेत? हात वर करा. बरं. तुमच्याशी माझं भांडण आहे, म्हणजे तुमच्याशी नाही, तुमच्या फळीशी. हेपरिनच्या दोन बाटल्या येतात, दोन्ही ५ मिलीच्या. एकीत मिलीला १,००० युनिट, म्हणजे अख्ख्या बाटलीत ५,०००. दुसरीत मिलीला ५,०००, म्हणजे अख्ख्या बाटलीत २५,०००. आता सांगा, 'पाच हजारवाली द्या' म्हटल्यावर कुठली द्यायची? दोन्हींवर पाच हजाराचा आकडा खरा आहे! आजींचे ३,२८० युनिट पहिल्या बाटलीतून काढले तर ३.२८ मिली होतात. तेवढेच मिली दुसरीतून काढले तर १६,४०० युनिट. पाचपट. आणि सिरिंजमध्ये दोन्ही सारखीच दिसतात, पाण्यासारखी.

हे फक्त आपल्याकडे होतं असं समजू नका. २००७ साली लॉस एंजेलिसमध्ये अभिनेता डेनिस क्वेड यांच्या नवजात जुळ्यांना मिलीला १० युनिटच्या बाटलीऐवजी १०,००० ची दिली गेली. हजारपट. मुलं वाचली, पण त्यानंतर तिकडे लेबलांवर बरीच चर्चा झाली. आपण निदान एवढं करू शकतो की वॉर्डात दोन्ही एका ट्रेमध्ये ठेवायच्या नाहीत. शक्य असेल तर वॉर्डात एकच ताकद ठेवायची, दुसरी फार्मसीतच राहू दे. आणि मागणी तोंडी करायचीच असेल तर 'मिलीला किती' असं विचारायचं, 'कितीवाली' असं नाही.

पंपाचंही तेच. आमच्याकडे २५,००० ची एक बाटली आणि ४५ मिली सलाईन, असं ५० मिलीचं ठरलेलं मिश्रण असतं, मिलीला ५०० युनिट. आजींना ताशी १.५ मिली. तुमच्याकडे वेगळं प्रमाण असेल तर हरकत नाही, पण रुग्णालयात एकच असावं. रविवारचे डॉक्टर वेगळं, सोमवारचे वेगळं, असं नको. गणित दोघांनी करायचं, आणि वेगवेगळं करायचं. एकीने करून दुसरीने मान डोलावली तर ती तपासणी होत नाही. रात्रपाळीला अख्ख्या वॉर्डला एकच सिस्टर असते हे मला माहीत आहे. तेव्हा ड्युटी डॉक्टरला उठवा. रागावला तर माझं नाव सांगा. आणि ऑर्डर लिहिताना 'युनिट' हा शब्द पूर्ण लिहा. नुसता 'यू' लिहिला की तो घाईत शून्यासारखा दिसतो आणि ५,००० चे ५०,००० होतात.

(इथे अध्यक्षांची चिठ्ठी आली.) चिठ्ठीत लिहिलंय, 'दहा मिनिटं'. खाली कुणीतरी 'खरंच दहा' असंही लिहिलंय. म्हणजे देखरेख दहा मिनिटांत.

सुरू करण्याआधी एपीटीटी आणि पीटी, म्हणजे रक्त गोठायला किती सेकंद लागतात त्या तपासण्या, शिवाय हिमोग्लोबिन, प्लेटलेट आणि क्रिएटिनिन. सुरू केल्यावर सहा तासांनी एपीटीटी, डोस बदलला की पुन्हा सहा तासांनी. लागोपाठ दोनदा ठरलेल्या पट्ट्यात आला की मग दिवसातून एकदा पुरतो. पट्टा साधारण कंट्रोलच्या, म्हणजे निरोगी रक्ताला लागणाऱ्या वेळेच्या, दीड ते अडीच पट असं आपण शिकलो, पण वेगवेगळ्या रिएजंटवर सेकंद वेगळे येतात, म्हणून तुमच्या लॅबने अँटी टेन-ए, म्हणजे रक्तातल्या हेपरिनचा जोर मोजणाऱ्या चाचणीच्या ०.३ ते ०.७ शी जुळवलेला पट्टा दिला तर तोच भिंतीवर लावा. त्याशेजारी डोस बदलायचा तक्ताही लावा. रॅश्कींच्या तक्त्यात एपीटीटी ९० सेकंदांच्या वर गेला तर एक तास पंप बंद, मग ताशी किलोमागे ३ युनिट कमी. तक्ता असला की रात्री कुणाला डोकं लढवावं लागत नाही.

नमुन्याचे घोळ फार आहेत, दोनच सांगतो. ज्या हातात हेपरिन चालू आहे त्या हातातून रक्त काढायचं नाही. आणि निळ्या बुचाची नळी रेघेपर्यंत भरायची. तिच्यात रक्त गोठू न देणारं सायट्रेट मोजून घातलेलं असतं, एका भागाला नऊ भाग रक्त. नळी अर्धी भरली तर रिपोर्ट उगाच लांबतो, आणि मग आपण बिचाऱ्या पेशंटचा डोस कमी करतो. भरलेली नळी तासाभरात सेंट्रिफ्यूजमध्ये जायला हवी, कारण प्लेटलेटमधून सुटणारा घटक नळीतलं हेपरिन मारत राहतो. संध्याकाळच्या एसटीने नमुना तालुक्याला पाठवणाऱ्यांनी याचा विचार करावा. जिथे एपीटीटी वेळेत मिळतच नाही तिथे हेपरिनचा पंप लावण्याआधी पेशंट पुढे पाठवायचा की दुसरं औषध निवडायचं हे ठरवा. गोव्यात बांबोळीला किंवा घाटावर कोल्हापूरला पाठवताना चिठ्ठीत 'हेपरिन दिलं' एवढंच लिहू नका. किती युनिट, किती वाजता, पंप ताशी किती, आणि मोजलेलं वजन किती, एवढं लिहा. नाहीतर तिकडचे लोक सुरुवातीचा डोस पुन्हा देतात. पंपाची बॅटरीही बघा, घाटात बंद पडली तर कुणाच्या लक्षात येत नाही.

पंप चालू असताना कमरेत सुई नको. दुखतंय म्हणून नातेवाईक डायक्लोफिनॅकचं इंजेक्शन मागतील, देऊ नका, रक्त साठून मांडीत फुटबॉल तयार होतो. लघवीचा रंग, हिरड्या, काळी शी, अचानक डोकेदुखी, हे सिस्टरना सांगायला नको.

रक्तस्राव झालाच तर आधी पंप बंद. बऱ्याचदा तेवढंच पुरतं. जास्त असेल तर प्रोटामिन, म्हणजे हेपरिनवरचा उतारा, गेल्या दोन-तीन तासांत गेलेल्या दर १०० युनिट हेपरिनला १ मिलीग्रॅम, एका वेळी ५० च्या वर नाही, आणि अगदी सावकाश. घाईत दिलं तर रक्तदाब कोसळतो. आजींना ताशी ७३८ चालू असताना रक्तस्राव झाला असता तर साधारण १५ ते २० मिलीग्रॅम लागलं असतं. हे प्रोटामिन सामन माशाच्या वीर्यापासून काढतात. हसू नका, खरं आहे. म्हणून माशाची ॲलर्जी आहे का हे विचारायचं. मालवणात असं कुणी कबूल करणार नाही, लग्नं मोडतील, पण विचारायचं.

शेवटचं, प्लेटलेट. हेपरिनमुळे काही पेशंटमध्ये त्या घसरतात, बहुधा पाचव्या ते दहाव्या दिवसात, आणि निम्म्याच्या आसपास उतरल्या की सावध व्हायचं. गंमत अशी की प्लेटलेट कमी, तरी धोका रक्तस्रावाचा कमी आणि नव्या गुठळ्यांचा जास्त. म्हणून चौथ्या दिवसापासून दोन-तीन दिवसांनी काउंट बघत राहायचं. घसरल्या आणि संशय आला की हेपरिन पूर्ण थांबवायचं, त्याच्या जागी हेपरिन नसलेलं दुसरं औषध लावायचं, आणि आकडा कमी दिसतोय म्हणून प्लेटलेटच्या पिशव्या चढवायला धावायचं नाही. पूर्ण थांबवायचं म्हणजे लाईन धुवायचं हेपरिनसुद्धा. सिस्टरना हे ठाऊक असतं. मी डॉक्टरांकडे बघून बोलतोय.