राजाची अडीच घरं

नमस्कार मंडळी. 28 जुलै 2025 आठवतोय ना? जॉर्जियातलं बातुमी, समोर कोनेरू हम्पी, आणि आपली नागपूरची दिव्या देशमुख, वय 19, टायब्रेकमध्ये जिंकली आणि बुद्धिबळाचा महिला वर्ल्ड कप घेऊन आली. ग्रँडमास्टर हा बुद्धिबळातला सगळ्यात मोठा किताब, त्यासाठी स्पर्धांमधून कमवावा लागणारा एकही नॉर्म तिच्याकडे नव्हता, पण त्या एका विजयानं ती थेट ग्रँडमास्टर झाली, भारताची 88वी. सकाळी नव्हती, संध्याकाळी होती. मी त्या दिवशी शेजारच्यांना उगाच पेढे वाटले, कारण विचारलं तर सांगताना माझाच आवाज भरून येत होता.

पण आज बोलायचंय ते दुसऱ्या एका ग्रँडमास्टरबद्दल, ज्याला हा किताब मृत्यूनंतर जवळजवळ 58 वर्षांनी मिळाला. नाव लक्षात ठेवा, सुलतान खान. मीर सुलतान खान.

अखंड पंजाबातल्या मिठा टिवाणा गावचा हा माणूस. नऊ वर्षांचा असताना वडिलांकडून बुद्धिबळ शिकला, पण देशी बुद्धिबळ. आता देशी म्हणजे काय हे ज्यांच्या घरी आजोबा खेळायचे त्यांना मी सांगायला नको. प्यादं पहिल्या खेळीलाही एकच घर जाणार, किल्लेकोट, म्हणजे एकाच खेळीत राजाला बाजूला नेऊन हत्तीच्या आडोशाला ठेवणं, नाहीच, त्याच्या बदल्यात राजाला डावात एकदाच घोड्यासारखी अडीच घरं उडी. एकदाच, आणि तीही शह बसायच्या आधी. माझे आजोबा असंच खेळायचे आणि मी शाळेतून किल्लेकोट शिकून आलो तेव्हा म्हणाले, राजाला कोपऱ्यात कोंडायचं कशाला, तो काय आजारी आहे? हे वाक्य जरा बाजूला ठेवा, पुढे लागणार आहे.

तिथले बडे जमीनदार सर उमर हयात खान यांनी सुलतान खानचा खेळ पाहिला, त्याला आपल्याकडे ठेवून घेतलं, युरोपियन नियम शिकवले. 1928 मध्ये अखिल भारतीय स्पर्धेत नऊ डावांत आठ जिंकले, एक बरोबरीत. 1929 च्या एप्रिलमध्ये सर उमर त्याला लंडनला घेऊन गेले, आणि त्याच उन्हाळ्यात रॅम्सगेटला तो ब्रिटिश चॅम्पियन झाला. परत सांगतो, एप्रिलमध्ये पोचला आणि उन्हाळ्यात चॅम्पियन. मग 1932 ला परत, 1933 ला परत.

आता तो डाव. हा डाव मी इतक्या लोकांना सांगितलाय की घरचे उठून आत जातात, पण तुम्ही ऐका. जमलं तर पट समोर घ्या, नाहीतर डोळ्यांपुढे आणा.

इंग्लंडच्या समुद्रकाठचं हेस्टिंग्ज. 1930 संपून 1931 लागतानाची स्पर्धा, कडाक्याची थंडी. या पंजाबच्या माणसाला ती हवा कधीच मानवली नाही, मलेरियाचा ताप, सर्दी, घसा धरलेला, गळ्याला पट्ट्या गुंडाळून पटावर बसायचा. आणि समोर कोण, तर कापाब्लांका! क्यूबाचा कापाब्लांका, 1921 ते 1927 जगज्जेता. 1916 ते 1924 अशी आठ वर्षं हा माणूस एकही डाव हरला नव्हता. आठ वर्षं, मंडळी, एकही नाही.

सुलतान खानकडे पांढरी. सुरुवात साधी, वजीर-घोडे-उंट बाहेर आले, काळ्यानं वेळेत किल्लेकोट करून घेतला. पांढऱ्यानं? नाही केला. दहा खेळ्या झाल्या, पंधरा झाल्या, राजा आपला जागच्या जागी. उलट राजाच्या बाजूची प्यादी पुढं रेटत नेली, म्हणजे त्या बाजूला आता लपायलाही जागा नाही. इकडे कापाब्लांकानं उंटाच्या उघड्या पट्टीवर दोन्ही हत्ती एकामागे एक लावले. कुणालाही वाटेल, आता मधोमध उभ्या राजाचं काही खरं नाही.

मग सुलतान खाननं आपला उंट मागच्या हत्तीवर रोखला, आणि कापाब्लांकानं पुढचा हत्ती थेट पहिल्या ओळीत घुसवून शह दिला. राजा एक घर पुढे आला. दुसरा हत्ती खाली आला, परत शह, वजीर पण समोरच. सुलतान खाननं वजिरानं तो हत्ती मारला, पहिल्या ओळीतल्या हत्तीनं वजीर मारला, आणि राजानं तो हत्ती मारला. राजानं! बाविसाव्या खेळीला बाहेर पडलेला राजा चोविसाव्या खेळीला हत्ती मारून उभा. हिशोब करा, एक वजीर गेला, दोन हत्ती आले. काळ्या वजिरानं लगेच परत शह दिला, राजा एक घर बाजूला सरकला, बस्स.

मला विचाराल तर कापाब्लांकाला वाटलं असणार की उघडा राजा आणि माझा मोकळा वजीर, शह देत देत जिंकू. पण शह द्यायला जागाच सापडेना. सुलतान खाननं दोन हत्तींनी हळूहळू, अगदी विणकाम उसवावं तसं, काळ्याची जागा कमी करत आणली, चाळीसेक खेळ्या हेच चाललं, आणि 65व्या खेळीला कापाब्लांकानं डाव सोडला.

आणि पांढऱ्यानं किल्लेकोट केलाच नाही. पूर्ण डावात नाही. मला दर वेळी आजोबा आठवतात, तो काय आजारी आहे? हे माझं मत आहे बरं का, पण मला पक्कं वाटतं की ज्याचा हात लहानपणी देशी पटावर बसला त्याला मधल्या राजाची भीती वाटत नाही, कारण त्यानं वर्षानुवर्षं तेच पाहिलंय.

इथं थोडं विषय सोडून. हल्ली सहा वर्षांच्या पोराला क्लासमध्ये ओपनिंगच्या पंधरा पंधरा खेळ्या पाठ करायला लावतात आणि पालक बाहेर बसून मोबाईलवर रेटिंग बघत बसतात. अहो त्याला आधी राजा, हत्ती आणि एक प्यादं एवढंच देऊन खेळू द्या की महिनाभर! आणि पट लाकडी घ्या, मोहरा हातात जड लागला की पोर खेळीआधी विचार करतं, हे मी माझ्याच घरात पाहिलंय.

हां, तर हेस्टिंग्जच्या त्या स्पर्धेत सुलतान खान तिसरा आला, यूवे पहिला, कापाब्लांका दुसरा. 1931 मध्ये तार्ताकोवर या नावाजलेल्या खेळाडूला बारा डावांच्या सामन्यात हरवलं. प्रागच्या ऑलिम्पियाडमध्ये, म्हणजे देशोदेशींच्या संघांच्या स्पर्धेत, ब्रिटनच्या पहिल्या पटावर बसून फ्लोर आणि रुबिनस्टाईन या दिग्गजांना हरवलं, तेव्हाचा जगज्जेता अलेखिनशी बरोबरी. आणि 1933 मध्ये फोकस्टोनच्या ऑलिम्पियाडनंतर सर उमरनी अमेरिकन संघाला जेवायला बोलावलं, तेव्हा त्या संघातल्या रूबेन फाईननं लिहून ठेवलंय की वाढायला कोण आलं, तर सुलतान खान. एवढा मोठा खेळाडू आपल्याला वाढतोय हे बघून त्या पोरांना घास गिळेना. त्याला नोकर म्हणणं, अडाणी म्हणणं त्याच्या घरच्यांना मान्य नाही, आणि त्यांचं म्हणणं ऐकलंच पाहिजे, पण मला त्या जेवणाबद्दल वाचताना आजही राग येतो.

त्याच वर्षाच्या शेवटी मालकाबरोबर तो परत आला आणि युरोपातलं खेळणं संपलं. पाच वर्षंसुद्धा भरली नाहीत. 1950 मध्ये फिडेनं, म्हणजे आंतरराष्ट्रीय बुद्धिबळ संघटनेनं, पहिल्यांदा ग्रँडमास्टर किताब दिले, 27 जणांना. त्यात रुबिनस्टाईन होता, जो कधीच खेळणं थांबवून बसला होता. म्हणजे खेळत नाही ही अडचण नव्हती. सुलतान खान तेव्हा सरगोध्याकडे शेती करत होता, जिवंत होता, आणि यादीत नव्हता. मुलांना त्यानं बुद्धिबळ शिकवलं नाही, काहीतरी जास्त उपयोगाचं करा म्हणाला. 1966 मध्ये क्षयानं गेला. 2024 च्या फेब्रुवारीत फिडेनं मानद ग्रँडमास्टर केलं. विश्वनाथन आनंद 1988 मध्ये आपला पहिला ग्रँडमास्टर झाला, त्याच्याही अर्धशतक आधी या मातीतला माणूस कापाब्लांकाला हरवून बसला होता.

आता एक विनंती आहे. परत आल्यावर 1935 मध्ये सुलतान खान आपले बुद्धिबळपटू व्ही. के. खाडिलकर यांच्याशी दहा डाव खेळला. नऊ जिंकला, एक बरोबरीत सुटला. त्या एका डावात खाडिलकरांनी काय केलं, ते मला बघायचंय. कुणाच्या माळ्यावर जुन्या वह्या असतील, पेन्सिलीनं लिहिलेल्या खेळ्या असतील, तर केंद्राच्या पत्त्यावर पाठवा. मी पट मांडून ठेवलाय.