दोन वेड्यांचा उस्ताद

नमस्कार श्रोते हो.

घोडा अडीच घरं, हत्ती सरळ, उंट तिरका. आपल्यापैकी बहुतेकांना हे कुणीतरी पटावर बोट फिरवून शिकवलेलं असतं. हा आपला उंट फ्रेंच लोकांच्या पटावर मात्र उंट नसतो. तिथे त्याला 'फू' म्हणतात. फू म्हणजे वेडा, किंवा दरबारातला विदूषक म्हणा. म्हणजे प्रत्येक राजाच्या पदरी असे दोन वेडे. आज ज्या माणसाची गोष्ट मी सांगणार आहे, तो आयुष्यभर या दोन वेड्यांच्या भरवशावर खेळला.

त्याचं नाव दाविद यानोव्स्की. जन्म १८६८ सालचा, व्होल्कोविस्क गावचा. हे गाव तेव्हा रशियन साम्राज्यात होतं, आज ते बेलारूसमध्ये आहे. १८९० च्या सुमारास यानोव्स्की पॅरिसला आला आणि पॅरिसचाच झाला. तिथे 'काफे द ला रेजाँस' नावाचं कॉफीगृह होतं. अठराव्या शतकात फिलिदोर हा नामवंत फ्रेंच बुद्धिबळपटू तिथे खेळायचा. तेव्हापासून बुद्धिबळवाल्यांचा तो अड्डाच. यानोव्स्कीही तिथला झाला. पुढची पंधरा-वीस वर्षं, युरोपात कुठे मोठी स्पर्धा असली आणि फ्रान्सकडून कोण येणार असं कुणी विचारलं, तर उत्तर ठरलेलं असायचं.

खेळ कसा होता? भरभर खेळायचा. हल्ला करायचा. आणि दोन्ही उंट जपायचा. बुद्धिबळ खेळणाऱ्यांना हे सांगायला नको, पण न खेळणाऱ्या श्रोत्यांसाठी सांगतो. एक उंट कायम पांढऱ्या घरांतून चालतो, दुसरा कायम काळ्या. दोघांची आयुष्यात गाठ पडत नाही. एकटा उंट म्हणजे अर्ध्या पटाला आंधळा. पण दोघं मिळून असले आणि मधली प्यादी हटून पट मोकळा झाला, की कोपऱ्यात बसल्या बसल्या ते सगळ्या पटावर पहारा ठेवतात. यानोव्स्कीला हे इतकं आवडायचं, की पुढे तो अमेरिकेत गेला तेव्हा तिथल्या खेळाडूंनी उंटांच्या जोडीला त्याच्याच नावावरून 'दोन यान' म्हणायला सुरुवात केली. मोहऱ्याला आपलं नाव मिळालेला खेळाडू विरळाच.

त्याचा चढता काळ १८९८ ते १९०५. १८९८ मध्ये व्हिएन्नाला छत्तीस डावांची दमछाक करणारी स्पर्धा झाली. तिथे टारॅश आणि पिल्सबरी यांच्या मागे तो तिसरा आला, आणि माजी जगज्जेता श्टाइनित्स चौथा. पुढच्या वर्षी लंडनला तेव्हाचा जगज्जेता लास्कर पहिला, आणि त्याच्या मागे बरोबरीत तिघे, त्यांत यानोव्स्की.

मग १९०१, माँटे कार्लो. या स्पर्धेपाशी जरा थांबू या, कारण तिचे नियम जणू यानोव्स्कीसाठीच केले होते. आयोजकांना रटाळ बरोबरीचा कंटाळा आला होता. त्यांनी ठरवलं की डाव बरोबरीत सुटला तर दोघांना फक्त पाव-पाव गुण मिळेल, आणि उरलेल्या अर्ध्या गुणासाठी दोघांनी पुन्हा पटावर बसायचं. सावध, हिशेबी खेळाडूंची पंचाईत झाली. यानोव्स्कीला बरोबरी मुळातच नको असायची. त्याने ती स्पर्धा सव्वादहा गुणांनी जिंकली. श्लेष्टर साडेनऊ गुणांनी दुसरा. आता माँटे कार्लो म्हटलं की जुगारघर आलंच, आणि यानोव्स्कीला जुगाराचं व्यसन होतं. पटावर कमावलेलं बक्षीस तो रूलेटच्या चाकापाशी घालवायचा, असे किस्से त्याच्याबद्दल भरपूर आहेत. त्यातले किती खरे आणि किती मागाहून रचलेले, कोण जाणे.

१९०२ मध्ये हॅनोव्हरला त्याने सतरा डावांत साडेतेरा गुण मिळवले आणि पिल्सबरीला दीड गुणाने मागे टाकलं. माझ्या मते हा त्याचा सर्वांत निर्विवाद विजय. १९०४ ला अमेरिकेत केंब्रिज स्प्रिंग्जला साक्षात जगज्जेत्या लास्करबरोबर तो दुसऱ्या क्रमांकावर राहिला. पहिला आला अमेरिकेचा फ्रँक मार्शल. १९०५ ला बार्मेनला मारोत्सीबरोबर पहिला क्रमांक वाटून घेतला. जुन्या पिढीला तर त्याने सळो की पळो करून सोडलं. चिगोरिनसारख्या दिग्गजाशी पंचवीस डाव झाले, त्यांतले सतरा यानोव्स्कीने जिंकले आणि फक्त चार हरला.

पण श्रोते हो, नुसते आकडे ऐकून हा माणूस कळत नाही. कळायचा असेल तर मार्शलला लिहिलेलं त्याचं पत्र ऐका.

१९०५ च्या सुरुवातीला पॅरिसमध्ये दोघांचा सतरा डावांचा सामना झाला. मार्शलने आठ जिंकले, यानोव्स्कीने पाच, चार बरोबरीत. पराभव तसा सरळ होता. दुसऱ्या कुणी हात मिळवून घरची वाट धरली असती. यानोव्स्कीने मार्शलला लिहिलं, की या निकालावरून आपल्या दोघांच्या ताकदीबद्दल काहीच सिद्ध होत नाही. बहुतेक डावांत मीच हातातला विजय किंवा बरोबरी घालवली. तेव्हा पुन्हा खेळू या. आधी दहा डाव जिंकेल तो विजेता, आणि तुम्हाला मी चार गुणांची सूट देतो. माझे पहिले चार विजय धरायचेच नाहीत! हरलेला माणूस जिंकलेल्याला सूट देतोय. गंमत म्हणजे १९०८ मध्ये पॅरिसजवळ सुरेन इथे त्याने मार्शलला खरोखरच हरवलं, तेही पाच विरुद्ध दोन असं. आयुष्यभरात दोघं ऐंशी डाव खेळले. मार्शलने त्याच्याबद्दल म्हटलंय, की चुकीच्या वाटेवर इतक्या निर्धाराने चालत राहणारा दुसरा माणूस मी पाहिला नाही. ही टीका म्हणायची की कौतुक, मला अजून ठरवता आलेलं नाही.

या निर्धाराला पैसा पुरवणारा एक माणूस भेटला, लिओ नार्दुस. हा डच चित्रकार, चित्रांचा व्यापारी आणि तलवारबाज. १९१२ च्या ऑलिंपिकमध्ये तलवारबाजीत संघाबरोबर कांस्यपदक मिळवलेला. अमेरिकेतल्या धनिकांना त्याने नामवंतांच्या नावावर बनावट चित्रं विकली, हेही पुढे उघड झालं. बुद्धिबळ मात्र त्याला मनापासून आवडायचं. त्याने यानोव्स्कीसाठी लास्करला बोलावलं. १९०९ च्या मे महिन्यात चार डाव झाले आणि निकाल लागला दोन-दोन! यानोव्स्कीला आभाळ ठेंगणं झालं. त्याच वर्षी दहा डावांचा सामना ठरला आणि लास्करने सात जिंकून एकच गमावला. पुष्कळ पुस्तकांत हा सामना जगज्जेतेपदाचा म्हणून छापला गेलाय, पण तो तसा नव्हता. जगज्जेतेपदाचा सामना झाला १९१० च्या अखेरीस, बर्लिनला. अकरा डाव झाले. लास्कर आठ, यानोव्स्की शून्य, बरोबरी तीन.

लास्करच्या हाती काय होतं जे याच्या हाती नव्हतं? मोहरे कमी उरल्यावरचा खेळ. पटावर राजा, एखादा हत्ती आणि चार प्यादी राहिली, की तिथे वादळ चालत नाही, चिकाटी लागते. यानोव्स्कीला या भागाचा तिटकारा होता आणि तो ते पुढे जगज्जेता झालेल्या कापाब्लांकाजवळ बोलूनही गेला, असं म्हणतात. नार्दुसशीही पुढे बिनसलं. त्याने डाव पाहता पाहता एक चाल सुचवली आणि यानोव्स्कीने आपल्या अन्नदात्याला भर लोकांत मूर्खात काढलं, असा किस्सा सांगतात. स्वभाव पाहता अशक्य वाटत नाही.

१९१४ च्या जुलैत तो जर्मनीत मानहाइमच्या स्पर्धेत खेळत होता. ऑगस्ट उजाडला तो महायुद्ध घेऊन. स्पर्धा अर्ध्यावर थांबली आणि परदेशी खेळाडू अडकले, यानोव्स्कीही त्यांत होता. सुटून स्वित्झर्लंड आणि मग तिथून अमेरिका. १९१६ ला न्यूयॉर्कला तो कापाब्लांकाच्या मागे दुसरा आला. पहिल्या चारही जगज्जेत्यांना, म्हणजे श्टाइनित्स, लास्कर, कापाब्लांका आणि अलेखिन यांना, कधी ना कधी हरवणारे खेळाडू फार थोडे. त्यांत हा एक. १९२१ मध्ये, पन्नाशी उलटल्यावर, अटलांटिक सिटीची स्पर्धा त्याने जिंकली.

तीन वर्षांनी न्यूयॉर्कची ती गाजलेली स्पर्धा झाली. अकरा खेळाडू, प्रत्येकाचे वीस डाव. पहिला आला लास्कर, सोळा गुण. यानोव्स्की शेवटचा, पाच गुण. दोघं एकाच वयाचे, दोघांचाही जन्म १८६८ चा.

तरी तो थांबला नाही. फ्रान्सला परतला, मारीनबाद खेळला, सेमरिंग खेळला. मग फ्रान्सच्या दक्षिणेला समुद्राकाठच्या येर गावी एक स्पर्धा होती, तिथे खेळायला गेला. क्षयाने पोखरलेला होता. पटावर बसणं काही झालं नाही. १५ जानेवारी १९२७ रोजी, येरमध्येच तो गेला.

नमस्कार.