पाठीशी घालणारी ताई

श्रोतेहो, नमस्कार.

भावाने शेताचे बांध फोडले, पाट बुजवले आणि नव्या पिकाच्या सणासाठी राखलेल्या दालनात घाण करून ठेवली. बहीण म्हणते काय, तर दारू पिऊन ओकला असेल; बांध फोडले तेही जमीन वाया जाऊ नये म्हणूनच असतील! ही बहीण म्हणजे जपानची सूर्यदेवी आमातेरासू, भाऊ सुसानोओ, आणि ही कथा आहे इसवी सन ७१२ मधल्या ‘कोजिकी’ या ग्रंथातली. पुढे तो विणकामाच्या घराचं छप्पर फोडून सोललेला घोडा आत टाकतो, एक विणकरीण दगावते, तेव्हा कुठे ताई गुहेत जाऊन बसते. जगभर अंधार.

जपानी कथांतल्या थोरल्या बहिणीची मला वाटणारी ओढ इथूनच सुरू होते. आईची जबाबदारी तिच्यावर, आईचा अधिकार मात्र नाही. ती किती सोसेल यापेक्षा तिचा धीर कुठे सुटेल, हेच आपण पाहत असतो.

मियाझाकींच्या ‘माय नेबर टोटोरो’मधली सात्सुकी घ्या. चित्रपट १९८८चा. आई इस्पितळात, म्हणून ही शाळकरी पोर सगळ्यांचे डबे भरते, धाकट्या मेईला सांभाळते. आईचं घरी येणं लांबतं तशी ती आधी मेईवर खेकसते, आणि मग शेजारच्या आजीसमोर भोकाड पसरते. ताई रडताना पाहून मेई मक्याचं कणीस घेऊन एकटीच इस्पितळाकडे निघते. टोटोरो हा रानातला गुबगुबीत जीव गोड आहेच, पण चित्रपट उभा आहे तो या रडण्यावर.

मोरी ओगाई यांच्या १९१५च्या ‘सान्शो दायू’ कथेत आंजू धाकट्या भावाला गुलामीतून पळवून लावते आणि स्वतः तळ्यात जीव देते. मिझोगुची यांनी १९५४ साली चित्रपट काढताना भावाला थोरलं केलं. चित्रपट थोरच, पण हा बदल मला पटलेला नाही. अजून लहानच असलेल्या ताईने सगळा बेत मनाशी आखावा, यातच त्या कथेचा जीव होता.

सगळ्याच ताया अशा रडवत नाहीत बरं का! ‘साझाए-सान’ या कार्टून मालिकेची नायिका साझाए लग्न होऊन, पदरी मूल असूनही माहेरच्यांसोबत राहते आणि खोडकर धाकट्या भावाच्या, कात्सुओच्या, मागे धावते. टीव्हीवर १९६९ पासून, दर रविवारी संध्याकाळी. कात्सुओ काही सुधारलेला नाही.