गारकऱ्यांची उसनवारी

(दृश्य : पांडवलेण्यांचा डोंगर. पायऱ्या. मग कॅमेरा कातळाच्या अगदी जवळ.)

त्रिरश्मी डोंगर चढणाऱ्यांची नजर लेण्यांकडे असते. आपण आज फक्त दगड बघणार आहोत. सुमारे ६.६ कोटी वर्षांपूर्वी वाहिलेल्या लाव्ह्याचा हा काळा पाषाण. लाव्हा थिजताना त्यात वायूचे बुडबुडे अडकले आणि पोकळ्या राहिल्या. पुढे त्यांत गरम पाणी झिरपत गेलं आणि भिंतींवर स्फटिक वाढले : स्टिल्बाइट, ह्यूलँडाइट, स्कोलेसाइट, अपोफिलाइट. नाशिक भागात विहीर खणताना, खाणीत सुरुंग उडाल्यावर, अशी एखादी पोकळी अचानक उघडते. सिन्नरच्या गारगोटी संग्रहालयात त्यातले देखणे नमुने काचेआड बघायला मिळतात.

इथवर भूगर्भशास्त्र. पुढची गोष्ट आमची.

(दृश्य : अ‍ॅनिमेशन. पोकळीचा आतला भाग, भिंतीभर स्फटिक.)

समजा, हे स्फटिक जिवंत आहेत. आपण त्यांना गारकरी म्हणू. एका पोकळीत वाड्यातल्या बिऱ्हाडांसारखी त्यांची दाटी : मोरपिसाऱ्यासारखा उघडलेला जाडजूड स्टिल्बाइट, सुयांचा झुपका घेऊन बसलेला स्कोलेसाइट, कोपऱ्यात हिरवट अपोफिलाइट. सगळे एकमेकांना ओळखतात, आणि दर पावसाळ्यानंतर थोडे कमी ओळखतात.

कारण त्यांच्या आठवणी अंगात कोरलेल्या नसतात. स्टिल्बाइट, ह्यूलँडाइट, स्कोलेसाइट हे झिओलाइट जातीचे स्फटिक. त्यांचा सांगाडा सिलिकॉन, अ‍ॅल्युमिनियम आणि ऑक्सिजनचा. त्यात अतिसूक्ष्म बोगदे, बोगद्यांत पाणी, आणि पाण्यात सोडियम-कॅल्शियमचे आयन, म्हणजे विद्युतभार असलेले अणू. गारकऱ्याची आठवण म्हणजे कुठला आयन कुठे बसलाय, तेवढंच.

वैशाखात डोंगर तापतो आणि बोगद्यांतलं पाणी निघून जातं. खऱ्या झिओलाइटला यासाठी चांगली आच लागते. १७५६ मध्ये क्रोनस्टेट या स्वीडिश शास्त्रज्ञानं असा दगड ज्योतीवर धरला, तेव्हा तो उकळल्यासारखा फसफसला होता. आमच्या गारकऱ्यांना नाशिकचा मे महिना पुरतो. पाणी गेलं तरी सांगाडा ढासळत नाही. गारकरी उभाच असतो, कोरडा आणि निर्विकार. मृग बरसला की पाणी खडकातून झिरपत खाली येतं, बोगदे भरतात, तो जागा होतो.

आता खरी गंमत. येणारं पाणी वरच्या शेजाऱ्यांच्या अंगातून आलेलं असतं. येताना ते त्यांचे आयन घेऊन येतं आणि जाताना याचे घेऊन जातं. म्हणजे जागा झालेला स्टिल्बाइट दिसायला तोच, पण त्याला आठवतंय दोन हात वर राहणाऱ्या ह्यूलँडाइटचं बालपण. गारकरी याला उसनवारी म्हणतात.

त्यांच्यातल्या संशोधकांनी हे नीट तपासलं. एकाच झुपक्यातले दोन भाऊ निवडले. एकावर अकीकाचा थर चढवून झिरपा बंद केला, दुसरा उघडा ठेवला. पावसाळा संपल्यावर झाकलेल्याला काहीच आठवेना, कारण पाणीच पोचलं नव्हतं. थर फोडून निव्वळ शुद्ध वाफ दिली, तर त्याला स्वतःचं सगळं आठवलं. उघडा मात्र दुसऱ्याच कुणाच्या लग्नाची हकिगत सांगत बसला. पाणी आठवण जागी करतं, आयन ती बदलतात, हे दोन वेगळे व्यवहार आहेत, असा निष्कर्ष निघाला.

या व्यवहाराला हिशेबही आहे, आणि मला तोच सगळ्यात आवडतो. कॅल्शियमवर दोन धन भार, सोडियमवर एक. सांगाड्यातला तोल राखायचा, तर एक कॅल्शियम आत आला की दोन सोडियम बाहेर पडलेच पाहिजेत. (आपल्याकडे काही धुण्याच्या पावडरींतला झिओलाइट नेमकं हेच करून जड पाणी हलकं करतो.) गारकऱ्यांच्या जगात एका भारी आठवणीसाठी दोन हलक्या सोडाव्या लागतात. म्हणून तिथल्या म्हाताऱ्यांकडे किस्से थोडे, पण एकेक वजनदार. पोरांकडे बडबड भरपूर.

अपोफिलाइट या उसनवारीत नाही. तो झिओलाइट नव्हेच, फक्त शेजारी. त्याला तापवलं तर पाणी कायमचं जातं आणि अंगाचे पापुद्रे सुटतात. एवढ्यासाठीच तो पोकळीच्या सर्वांत थंड कोपऱ्यात राहतो, आणि कुठली आठवण मुळात कुणाची, या भांडणात साक्षीला सगळे त्यालाच बोलावतात.

(दृश्य : डोंगराच्या उतारापलीकडे द्राक्षबागा, ठिबकच्या नळ्या.)

अलीकडे साक्षीदारही गोंधळलाय. ज्या पोकळ्यांवर द्राक्षबागा आल्या, तिथे खतांमधला अमोनियम पाण्याबरोबर खाली उतरतो. अनेक झिओलाइटना अमोनियमची भारी ओढ. मत्स्यालयाच्या गाळण्यांत ते त्याच गुणासाठी वापरतात. हा आयन कुणाही गारकऱ्याच्या अंगातून आलेला नाही. तरीही बागेखालचे तरुण गारकरी ऊन, वारा, मण्यांचा रंग असलं काहीबाही सांगतात, जे खडकाच्या पोटात कुणी कधी पाहिलेलं नाही.

जुने संशोधक म्हणतात, हा बिघाड आहे. तरुणांचं म्हणणं, ही आठवण द्राक्षवेलीची आहे आणि वेलही उसनवारीत शिरली आहे. तसं असेल तर वेलीला बदल्यात इथलं काय मिळालं, हा म्हाताऱ्यांचा सवाल अजून अनुत्तरित आहे. तूर्त ठरलंय ते असं : येत्या पावसाळ्यात बागेखालच्या दोन पोकळ्यांची तोंडं अकीकानं बंद करायची, दोन उघडी ठेवायची, आणि दिवाळीनंतर चौघांच्या जबान्या अपोफिलाइटसमोर घ्यायच्या.