नवापूरचं बाकडं

हे नंदुरबार जिल्ह्यातलं नवापूर स्टेशन. फलाटावरचं हे बाकडं नीट बघा. अर्धं महाराष्ट्रात, अर्धं गुजरातमध्ये. 1 मे 1960ला द्विभाषिक मुंबई राज्याचे दोन तुकडे झाले आणि सीमारेषा नेमकी या स्टेशनातून गेली.

बाकड्यावर टेकलेल्या माणसाला विचारा, "कथा चालना भाऊ?" उत्तर ठरलेलं.

"सुरतले."

बहुतेक माणसं जवळच स्थलांतर करतात, असं राव्हेनस्टाइन या भूगोलतज्ज्ञानं 1885मध्येच मांडलं होतं. नंदुरबारकराला ते कुणी सांगायची गरज नाही. मुंबईपेक्षा सुरत जवळ, आणि गाडी दारावरून जाते. सुरतच्या उधना, लिंबायत भागांत अख्खा खानदेश वसलाय. नवसारीचे खासदार सी. आर. पाटीलही मूळचे जळगाव जिल्ह्यातले.

पण सगळे काही सुरतच्या लूमवर, म्हणजे यंत्रमागावर, जात नाहीत. दिवाळीच्या सुमारास टोळ्या निघतात त्या उसाच्या फडाकडे.

डच समाजशास्त्रज्ञ यान ब्रेमन 1970च्या दशकात गुजरातमधल्या बारडोलीच्या ऊसपट्ट्यात फिरत होते. गावातले भूमिहीन हळपती आदिवासी मजूर रिकामे बसलेले असताना कारखाने खानदेशातून माणसं का आणतात, हे कोडं त्यांनी सोडवलं. परक्या मुलखातला मजूर मुठीत राहतो, म्हणून. मुकादमाची उचल आधीच खर्च झालेली. राहायला पाल. रात्री-अपरात्री गाडी आली की भरायला उठायचं. नवरा-बायकोची जोडी म्हणजे एक 'कोयता'. माणसांची मोजदाद हत्याराच्या नावानं!

देश सोडून गेलेल्यांशी सरकारं नातं कसं राखतात, यावर आता जगभर अभ्यास होतो. मेक्सिको अमेरिकेतल्या आपल्या लोकांना वकिलातीतून ओळखपत्र देतो. भारतानं 2003पासून 9 जानेवारीला प्रवासी भारतीय दिवस सुरू केला. 1915मध्ये गांधीजी याच तारखेला मायदेशी परतले होते. त्या तारखेला अक्कलकुव्याचा कोयता फडात असतो. त्याच्यासाठीही कायदा झाला होता, 1979चा आंतरराज्य स्थलांतरित कामगार कायदा. ठेकेदाराला परवाना, मजुराला विस्थापन भत्ता, प्रवासखर्च. सगळं कागदावर चोख होतं.

आणि मत? परदेशातल्या भारतीयाला प्रतिनिधीमार्फत मतदान करता यावं, असं विधेयक 2018मध्ये लोकसभेनं मंजूर केलं होतं. पुढे ते बारगळलं, पण विचार तरी झाला. 20 नोव्हेंबर 2024ला महाराष्ट्र विधानसभेचं मतदान झालं, ऐन तोडणीच्या दिवसांत. फडातून गावी यायचं तर गाडीभाडं पदरचं, दोन दिवसांचे खाडे, आणि तेही मुकादमानं जाऊ दिलं तर.