सबमेनला पाणी नेमकं कुठून द्यायचं?

सांगलीकडं कृष्णाकाठच्या उसात शिरलात की बांधाच्या कडेला असा एक पाईप जमिनीतून वर आलेला दिसतो, त्याला व्हॉल्व्ह, प्रेशर गेज. त्याच्या खाली गाडलेली असते ती ठिबक सिंचनाची (ड्रिपची) सबमेन. इंजिनियर लोक तिलाच मॅनिफोल्ड म्हणतात, एकच मोठा पाईप आणि त्याला सरीसरीला फुटलेल्या नळ्या.

आता हिशोब बघा. समजा ५० सऱ्या आहेत, सरीत ६० मीटर नळी, दर ६० सेंटिमीटरला थेंब थेंब पाणी सोडणारा ड्रिपर, म्हणजे एका नळीत १०० ड्रिपर, ड्रिपर ताशी ४ लिटरचा म्हणजे नळी ४०० लिटर पिणार आणि सगळ्या मिळून तासाला २०,००० लिटर. हे सगळं पाणी पहिल्या सरीपाशी सबमेनमध्ये असतं आणि शेवटच्या सरीला पोचेपर्यंत ४०० च उरतं, पण वाटेत पाणी पाईपला घासतं आणि प्रेशर पडत जातं. साध्या ड्रिपरचं प्रेशर २० टक्के पडलं की पाणी १० टक्क्यांनी घटतं, आणि खतही त्याच पाण्यातून जातं ना, तेही टोकाला कमीच. मग टोकाचा ऊस मागं राहतो आणि बोल लागतो बेण्याला.

यावर उपाय एवढाच की मोटरकडून येणारी मेन लाईन सबमेनच्या टोकाला नाही, मधोमध जोडायची. दोन्हीकडं पाणी निम्मं, अंतर निम्मं, पण घर्षण मात्र निम्मं नाही, थेट सातव्या हिश्श्यावर येतं! पाईप तोच, मोटर तीच. नवीन ड्रिप करणाऱ्या प्रत्येकानं चर खणायच्या आधी हे विचारलंच पाहिजे.

आणि याच भागात क्षारपड रानात उलटं काम चालतं. तिथं जमिनीखाली भोकं पाडलेले, जाळी गुंडाळलेले पाईप खारं पाणी गोळा करतात, ते कलेक्टर पाईपला मिळतात आणि कलेक्टर पुढं नाल्यात. सबमेनमध्ये पाणी पुढं पुढं कमी होतं, इथं वाढत जातं, म्हणून कलेक्टर वरच्या टोकाला बारीक चालतो पण नाल्याकडं मोठाच लागतो, आणि उतार चुकला तर सगळं तुंबतं.

तुमच्या रानातलं तपासायचं असेल तर पहिल्या आणि शेवटच्या सरीतल्या ड्रिपरखाली एकेक डबा ठेवा, ६ मिनिटं थांबा. ४ लिटरच्या ड्रिपरला ४०० मिली भरायला पाहिजे, दोन्हीकडं.