कपाटात नसलेली बाटली

(दृश्य: काचेच्या बशीत मळकट पांढरे स्फटिक)

हे अल्फा-नॅफ्थॉल, प्रोप्रॅनोलॉल या हृदयाच्या औषधाचा कच्चा माल. उजेडात राहिलं की काळवंडतं. खरं तर रसायनज्ञांना हे नकोच होतं.

इंग्लंडमधल्या चेशायर परगण्यात आल्डर्ली पार्क इथे आय.सी.आय. या रासायनिक कंपनीची प्रयोगशाळा होती. १९५८ मध्ये औषधशास्त्रज्ञ जेम्स ब्लॅक तिथे रुजू झाले. हृदयाला रक्त पुरत नसेल, तर त्याची मागणीच कमी करता येईल का, हा त्यांचा प्रश्न. अ‍ॅड्रेनलिन हे संप्रेरक पेशींवरच्या ज्या जागांवर, म्हणजे बीटा ग्राहींवर, बसून ठोके वाढवतं, त्या जागा आधीच अडवून ठेवायच्या. पहिलं औषध आलं प्रोनेथॅलॉल, व्यापारी नाव आल्डरलिन. उंदरांमध्ये गाठी दिसल्या आणि ते बाद झालं.

मग रेणूत एक ऑक्सिजन आणि एक कार्बन घुसवायचं ठरलं. त्यासाठी हवं होतं अल्फाचं भावंड, बीटा-नॅफ्थॉल. ते शिल्लक नव्हतं, म्हणून अल्फा वापरलं, असं सांगतात. त्यातून निघालं प्रोप्रॅनोलॉल, व्यापारी नाव इंडेराल.

कृती दोनच पायऱ्यांची. अल्कलीत अल्फा-नॅफ्थॉल आणि एपिक्लोरोहायड्रिन हे क्लोरीन असलेलं द्रव. क्लोरीन निघून जातो, आणि नॅफ्थॉलच्या ऑक्सिजनला एक शेपूट चिकटतं. शेपटाच्या टोकाशी दोन कार्बन आणि एक ऑक्सिजन यांचं तिकोनी कडं, ताणलेलं, तुटायला टेकलेलं. आता आयसोप्रोपिल अमाइन. हे ३२ अंशांना उकळतं. मुंबईच्या मे महिन्यात बाटली उघडायची तर आधी बर्फात ठेवावी लागेल. अमाइनचा नायट्रोजन कड्याच्या मोकळ्या कार्बनला धरतो, कडं फुटतं. झालं औषध. एपिक्लोरोहायड्रिन मात्र विषारी, कर्करोगाचा संशय असलेलं. विषारी वाफा ओढून घेणारं कपाट (फ्यूम हूड) चालू असल्याशिवाय त्याला हात लावायचा नाही.

औषध हृदयशूळासाठी, म्हणजे हृदयाला रक्त कमी पडून छातीत येणाऱ्या कळेसाठी होतं. बी.पी.ही उतरतं, हे लंडनच्या डॉ. ब्रायन प्रिचर्ड यांनी १९६४ मध्ये छापलं. बऱ्याच डॉक्टरांना ते पटायला वेळ लागला. ब्लॅक यांना नोबेल मिळालं १९८८ मध्ये.

(दृश्य: गोळ्यांची पट्टी, पाठीमागचं छापील नाव)

भारतात १९७० चा पेटंट कायदा २० एप्रिल १९७२ पासून लागू झाला. २००५ पर्यंत औषधाच्या रेणूवर पेटंट मिळत नव्हतं, फक्त तो बनवायच्या पद्धतीवर मिळायचं. म्हणजे वाट वेगळी काढली, तर तोच रेणू आपणही बनवू शकत होतो. मुंबईच्या सिप्लाची प्रोप्रॅनोलॉलची गोळी केमिस्टकडे ‘सिप्लार’ नावाने मिळते.